दोन पेट्या, एकच माणूस

ताई,

गेली काही वर्षं मी समारंभांचे आणि फोटोशूटचे मेकअप करते. शिवणकाम घरातच शिकले. मागच्या वर्षी कॉलेजातल्या एका मित्राने लघुपट केला, त्यात मेकअप आणि कपडे दोन्ही मी सांभाळलं. मजा आली, पण दोन गोष्टी डोक्यातून जात नाहीत. नायकाच्या डाव्या भुवईवरची जखम पुढच्या शॉटमध्ये उजव्या भुवईवर गेली. शूटिंगच्या वेळी कुणालाच दिसलं नाही. एडिटला बसल्यावर दिसलं आणि सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. दुसरं म्हणजे दाढी चिकटवायच्या गोंदाने एका कलाकाराची हनुवटी लाल होऊन सुजली.

आता तोच मित्र पूर्ण लांबीचा सिनेमा करतोय. २२ दिवसांचं शूटिंग, ९ पात्रं, मेकअप आणि कॉश्च्युम दोन्ही मीच. पैसे नाममात्र. ‘बजेट नाहीये गं, पण क्रेडिट मोठं देतो’ म्हणतो. इतक्या कमी पैशात करू का, हेच कळत नाही. मला सिनेमातच काम करायचंय, पण या वेळी तोंडघशी पडायचं नाहीये. शुक्रवारपर्यंत कळवायचंय. काय करू?

— दोन पेट्यांची हमाल

*

प्रिय हमाल,

सही आवडली. शुक्रवार जवळ आहे म्हणून उत्तर आधी देते, कारणं मागून. काम घे, पण शुक्रवारी ‘हो’ म्हणू नकोस. शुक्रवारी पटकथा माग. पूर्ण, शेवटच्या पानापर्यंत. ‘गोष्ट साधारण अशी आहे’ यावर भागवून घेऊ नकोस. पटकथा अजून लिहून व्हायची असेल तर तुझं उत्तरही व्हायचंय, असं सरळ सांग.

पैशाबद्दल तू लिहिलंस, पण तयारीचे दिवस किती मिळणार याबद्दल पत्रात एक शब्द नाही, आणि मला काळजी वाटते ती त्याची. नाममात्र पैशात राबायचं की नाही हा तुझ्या घरचा हिशोब आहे, त्यात मी बोलणार नाही. पण शूटिंगआधी तयारीचे दिवस मिळत नसतील, तर चांगले पैसे देत असले तरी नाही म्हण. तू ज्या दोन गोष्टी लिहिल्या आहेस त्या दोन्ही तयारीअभावी झालेल्या आहेत. तुझा हात कच्चा असल्याची एकही खूण तुझ्या पत्रात मला दिसली नाही.

दोन्ही खाती एकीने सांभाळणं हा काही गुन्हा नाही. छोट्या सिनेमात हे चालतंच. फक्त ही दोन कामं आहेत हे तुझ्या मित्राला ठाऊक आहे का, ते बघ. ऑस्करमध्ये वेशभूषेचा पुरस्कार १९४८च्या सिनेमांपासून आहे आणि मेकअपचा कायमचा विभाग आला तो १९८१च्या सिनेमांपासून. भानू अथैय्या यांना ‘गांधी’साठी ऑस्कर मिळालं ते वेशभूषेचं, तेही जॉन मोलो यांच्यासोबत विभागून. त्याच सिनेमाच्या मेकअपचं नामांकन तिसऱ्याच माणसाला होतं. तिथला पसारा आणि तुमचा पसारा यांची बरोबरी नाही, कबूल. पण कामाचा स्वभाव तोच आहे.

आणि त्या स्वभावात एक अडचण आहे, ती प्रत्यक्ष अंगावर आल्याशिवाय कळत नाही. दोन्ही खात्यांना तू एकाच वेळी हवी असतेस. खुर्चीत एक कलाकार अर्ध्या फाउंडेशनवर बसलेला असतो आणि बाहेर दुसरा ‘शर्ट कुठला?’ म्हणून उभा असतो. सेटवर तू मॉनिटरपाशी असायला हवीस, कारण घाम, विस्कटलेले केस आणि सुटलेलं बटण तिथेच दिसतं. पण त्याच वेळी पुढच्या सीनच्या कपड्यांना इस्त्रीही व्हायला हवी असते. वेगाने हात चालवून हे सुटत नाही.

म्हणून हा हिशोब कागदावर मांड आणि असिस्टंट डायरेक्टरच्या हातात दे. समज, सकाळी ७चा कॉल, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ, आहे आणि ८ वाजता पहिला शॉट, शॉटमध्ये चार कलाकार. दोन पुरुषांचा साधा मेकअप, प्रत्येकी १५ मिनिटं. एका बाईचा केसांसकट पाऊण तास. चौथ्याला दाढी चिकटवायची आहे, त्याचा एक तास. बेरीज झाली सव्वादोन तास आणि तुझ्याकडे आहे एक. कपडे चढवणं, माईक लावणं यात धरलेलंच नाही. आता एकतर कॉल पावणेसहाचा होईल, किंवा पहिला शॉट सव्वानऊला, किंवा तुला मदतनीस मिळेल. तिन्हीपैकी काय ते त्यांनी ठरवावं. हा कागद आधी दिला नाहीस तर सेटवर एकच वाक्य ऐकू येईल, ‘मेकअपमुळे लेट झालं’, आणि ते २२ दिवस ऐकू येत राहील. मदतनीस रोजचा नसेल परवडत तर गर्दीचे, रक्ताचे आणि पावसाचे दिवस निवडून त्या दिवसांपुरता माग. त्याला बिचकू नकोस. बजेट नाही म्हणणाऱ्यालाही एका वाया गेलेल्या दिवसाची किंमत बरोबर कळते.

आता ती जखम. मला वाटतं ती कशी हलली असेल ते मी सांगू शकते. शूटिंग गोष्टीच्या क्रमाने होत नाही. सीन १४ आणि सीन १५ यांच्यामध्ये चार दिवस गेले असतील. दुसऱ्या वेळी जखम करताना तू संदर्भाला फोनमधला फोटो घेतला असशील आणि तो बहुधा सेल्फी असेल, नाहीतर आरशातला. पुढच्या कॅमेऱ्याचे फोटो पुष्कळ फोनमध्ये उलटेच साठवले जातात. आरशातला तर उलटाच असतो. फोटोत जखम उजव्या भुवईवर दिसली, तू उजव्या भुवईवर केलीस. मुद्दाम चुकायचं म्हटलं तरी इतकं सफाईने जमलं नसतं! यावर उपाय अगदी साधा आहे. फोटो नेहमी मागच्या कॅमेऱ्याने, समोरून, दुसऱ्या माणसाने काढायचा. आणि वहीत नुसतं ‘डावी भुवई’ लिहायचं नाही, ‘कलाकाराची डावी भुवई’ असं लिहायचं. सेटवर डावं-उजवं म्हणजे कॅमेऱ्याचं की माणसाचं यावर दिवसातून दहा वेळा घोळ होतो.

पण फोटो ही नंतरची गोष्ट. त्याआधी ब्रेकडाउन, म्हणजे पटकथेची सीनवार फोड. पटकथा हातात आली की पहिल्या वाचनाला पेन घेऊ नकोस, नुसती गोष्ट वाच. दुसऱ्या वाचनाला कथेतले दिवस मोज. शूटिंगचे नाहीत, गोष्टीतले. पहिला दिवस, पहिली रात्र, दुसरा दिवस, मध्ये तीन आठवडे गेले, मग तिसरा दिवस. प्रत्येक सीनसमोर हा आकडा लिही. लेखकाने पुष्कळदा हा हिशोब केलेलाच नसतो आणि तू विचारलंस की दिग्दर्शक डोकं खाजवतो. खाजवू दे. तयारीच्या दिवसांत खाजवलेलं बरं. त्यानंतर तक्ता कर: सीन, कथेतला दिवस, पात्र, कपडे, केस, चेहरा आणि शेवटचा रकाना ‘या सीनमध्ये काय बदलतं’. शेवटचा रकाना सर्वांत महत्त्वाचा. चिखलात पडतो, भिजतो, रडते, बाही फाटते, बांगडी काढून ठेवते. सगळे घोळ त्या रकान्यातून सुरू होतात.

एक उदाहरण घे. सीन १४मध्ये तुझा नायक पडतो आणि भुवई फुटते. सीन १५ त्याच रात्रीचा आहे: रक्त सुकलेलं, गडद, कडेला भेगाळलेलं, भोवती सूज आणि लाली. सीन १९ दोन दिवसांनी: सूज उतरलेली, पण काळंनिळं खाली सरकून पापणीवर आलेलं, जखमेवर खपली. सीन २३ आठवड्याने: निळ्याच्या जागी हिरवट, कडेला पिवळं, खपली अर्धी निघालेली. सीन ३० महिन्याने: नुसती गुलाबी रेघ आणि भुवईत केस नसलेली बारीक फट. हे पाच लुक झाले, पाचांना पाच नंबर. आणि शेड्यूलमध्ये बघशील तर पहिल्या दिवशी सीन ३० असेल, दुपारनंतर सीन १९. म्हणून लुक टेस्टच्या, म्हणजे शूटिंगआधी मेकअप-कपडे कॅमेऱ्यावर तपासायच्या, दिवशी पाचही लुक एकदा चेहऱ्यावर करून, फोटो काढून, कुठला रंग वापरला ते बाजूला लिहून ठेवायचं. पारदर्शक प्लास्टिकचा तुकडा चेहऱ्यावर धरून त्यावर भुवई, डोळ्याचा कोपरा आणि जखमेची कड मार्करने गिरवून घे आणि वरच्या कडेला ‘कपाळ’ लिही, तुकडा उलटा लागू नये म्हणून. पुढच्या प्रत्येक वेळी तो तुकडा धरायचा आणि जखम तिथेच बसवायची.

सेटवर फोटो दोनदा काढ, पहिल्या टेकआधी आणि शेवटच्या टेकनंतर. नंतरचा बहुतेक जण विसरतात आणि नेमका तोच लागतो, कारण टेकच्या ओघात नटाने बाह्या दुमडलेल्या असतात. किती घड्या, कुठलं बटण उघडं, घड्याळ कुठल्या मनगटावर, केसांची बट कानाच्या पुढे की मागे, हे दिसेल असा काढ. पाठीचाही काढ. फोटोत सीनचा नंबर लिहिलेला कागद असू दे, नाहीतर दहाव्या दिवशी फोनमध्ये शेकडो निनावी फोटो असतील आणि तू ते सरकवत बसशील.

कपड्यांच्या बाबतीत एक आकडा लक्षात ठेव, तीन. ज्या कपड्यावर रक्त, चिखल, पाणी किंवा फाटणं आहे त्याचे तीन नग हवेत. एक टेकला खराब होतो, दुसरा रिटेकसाठी, तिसरा ‘घटनेच्या आधीच्या’ सीनसाठी कोरा राखून. स्टंट डबल (नटाऐवजी मारामारी-उड्या करणारा) असेल तर त्याच्या मापाचे आणखी. दुकानात एकच नग उरलेला सुंदर शर्ट दिसला तर प्रेमात पडू नकोस. कलाकाराचे स्वतःचे कपडे वापरायचे ठरले (छोट्या सिनेमात ठरतातच), तर ते फक्त ‘शेवटच्या रकान्यात’ काही नसलेल्या सीनसाठी. आणि शूटिंग संपेपर्यंत ते कपडे तुझ्या ताब्यात. घरी नेले की धुतले जातात, इस्त्री होते, कुणीतरी घालून जातं.

कोऱ्या कपड्याला जुनं करणं, हे तुझ्या शिवणकामाच्या हाताला जमेल आणि यात तू रमशील असं मला वाटतं. नवीन शर्ट आणून त्याच्यावर माती चोळली की तो माती चोळलेला नवीन शर्ट दिसतो. आधी तो धुवावा लागतो, पुन्हा पुन्हा, खळ पूर्ण जाईपर्यंत. मग माणूस कुठे झिजवतो ते बघ. कॉलरची दुमड दाढीच्या खुंटांनी मानेपाशी झिजते, तिथे बारीक सँडपेपर फिरव, हलक्या हाताने, धागा फक्त पिंजेपर्यंत. कफची कड टेबलावर घासते. खिशाचा तोंडाकडचा कोपरा बोटांनी काळवंडतो, पण एकाच बाजूचा, माणूस उजवा असेल तर डाव्या छातीवरच्या खिशाचा. कोपराला पोक यायला हवा, म्हणून बाही ओली करून आत गुंडाळलेलं फडकं कोंबायचं आणि तशीच वाळवायची. पँटच्या खिशात दगड भरून ओली टांगली की खिसे ओघळतात. रंग उडवायचा तर उन्हात खांदे आणि पाठ वर येतील असं वाळत घाल, कारण ऊन तिथेच लागतं. धूळ सर्वांत शेवटी. मुलतानी माती पुरचुंडीत बांधून झटकायची, कलाकार तो कपडा अंगात घालून उभा असताना नाही, आणि तोंडाला मास्क लावून. तीन नग असतील तर तिन्ही एकाच दिवशी शेजारी शेजारी ठेवून जुने कर. एक आज, दुसरा पुढच्या आठवड्यात केलास तर ते सख्खे दिसणार नाहीत.

हनुवटीकडे वळू. गोंद कुठला होता ते तू लिहिलं नाहीस. स्पिरिट गम असेल तर बऱ्याच जणांना सोसत नाही, आणि चिकटवण्यापेक्षा ओढून काढताना त्रास जास्त होतो. त्याचं रिमूव्हर लावून, थांबून, कडेकडेने सोडवायचं असतं. पॅकअपच्या घाईत ते धाब्यावर बसवलं जातं. लॅटेक्सची, म्हणजे पातळ रबराची, काहींना ॲलर्जी असते आणि ती गंभीर होऊ शकते. व्रण दाखवायला कोलोडियन वापरतात ते कातडी आवळतं, डोळ्याजवळ नको. म्हणून लुक टेस्टच्या दिवशीच चिकटणाऱ्या प्रत्येक गोष्टीचा ठिपका कोपराच्या आतल्या बाजूला लाव आणि २४ ते ४८ तास बघ. आधी विचार: ॲलर्जी आहे का, लेन्स आहेत का, चेहऱ्यावर काही उपचार चालू आहेत का. उत्तर लिहून घे आणि पॅच टेस्टचा फोटोही ठेव. हनुवटी लाल झाली तर त्या दिवसाचं काम थांबवायचं की नाही, हे निर्मात्यावर सोडू नकोस. तू ‘नाही लावणार’ म्हणालीस तर नाही लावणार.

ही बाब किती जुनी आहे बघ. १९३९च्या ‘द विझार्ड ऑफ ऑझ’मध्ये पत्र्याच्या माणसाची भूमिका आधी बडी एब्सन करत होता. त्याच्या चेहऱ्यावर ॲल्युमिनियमची भुकटी लावली जायची. ती श्वासातून गेली आणि तो हॉस्पिटलात दाखल झाला. भूमिका जॅक हेलीकडे गेली आणि त्याच्यासाठी भुकटीऐवजी ॲल्युमिनियमची पेस्ट वापरली. तो स्टुडिओ जगातल्या सर्वांत श्रीमंत स्टुडिओंपैकी होता. पैसे असले म्हणजे काळजी घेतली जातेच असं नाही, आणि पैसे नसले म्हणून टाळता येते असंही नाही. खोट्या रक्ताचंही तेच. हॉलिवूडचे मेकअपमन डिक स्मिथ यांची खोट्या रक्ताची कृती या धंद्यात फार गाजली. तिच्यात कॉर्न सिरप होतं, पण रक्त कपड्यावर नीट पसरावं म्हणून फोटो धुण्याचं एक रसायनही होतं, फोटो-फ्लो. ते विषारी. म्हणून तोंडातलं रक्त वेगळं करायचं, खाण्याच्याच वस्तूंचं, आणि बाटल्यांवर ठळक लिहायचं. कपड्यावरचं रक्त धुतल्यावर निघतं का ते त्याच कापडाच्या कातरणावर आधी बघ. कातडीवर लाल रंग चढला तर दुसऱ्या दिवशीच्या ‘अपघाताआधीच्या’ सीनची वाट लागते.

स्वच्छतेवर तुला फार सांगायची गरज नसावी, समारंभांच्या कामात तू हे शिकली असशील. फक्त एवढंच की सिनेमात तीच माणसं रोज तुझ्या खुर्चीत येतात, म्हणजे एकाचे डोळे आले तर तिसऱ्या दिवशी युनिट घरी. मस्काराची कांडी एकदाच बुडवायची आणि फेकायची, लिपस्टिक पॅलेटवर खरवडून घ्यायची, प्रत्येक पात्राचे ब्रश आणि स्पंज नाव लिहिलेल्या पिशवीत. ब्रशला ७० टक्क्यांचं अल्कोहोल, आणि वाळेपर्यंत थांबायचं.

समारंभांच्या मेकअपमधून आलेल्यांना एक सवय मात्र मोडावी लागते. तिथे फ्लॅश असतो, माणसं हातभर अंतरावरून बघतात आणि चेहरा उजळला की सगळे खूश. इथे कॅमेरा गालाच्या छिद्रांपर्यंत जातो आणि पात्र उजळायचं नसतंच. पहिल्या आठवड्यात दिग्दर्शक ‘कमी कर’ म्हणेल, दुसऱ्यात पुन्हा म्हणेल. राग मानू नकोस. पडद्यावरचा मेकअप कायम कॅमेऱ्याच्या मागोमाग बदलत आलाय. रंगमंचावरचा जाड ग्रीजपेंट (चेहऱ्याला लावायचा तेलकट रंग) क्लोजअपमध्ये तडकायचा म्हणून मॅक्स फॅक्टर या मेकअपवाल्याने १९१४मध्ये पातळ, लवचीक ग्रीजपेंट काढला. त्या काळच्या फिल्मला लाल रंग दिसायचा नाही, लाल ओठ काळे उमटायचे. तुझ्या कॅमेऱ्याला काय दिसतं ते तुझ्या आरशाला विचारून उपयोग नाही. लुक टेस्ट म्हणजे त्याच कॅमेऱ्यावर, त्याच दिव्यांत, तेच कपडे घालून. डीओपीला, म्हणजे छायाचित्रकाराला, विचार, आतले सीन ३२०० केल्विनच्या (केल्विन हे दिव्याच्या रंगाचं माप) पिवळ्या दिव्यांत आहेत की ५६०० केल्विनच्या पांढऱ्या, आणि तुझ्या खुर्चीपाशीही तसाच दिवा माग. पांढऱ्या ट्यूबखाली लावलेला ब्लश पिवळ्या दिव्यात गायब होतो. स्वस्त एलईडीत चेहरा हिरवट मारतो आणि तू बिचारी गुलाबी थापत राहतेस.

कपड्यांत बारीक रेघा आणि बारीक चौकडी टाळ, पडद्यावर त्या लहरतात. शुभ्र पांढरा शर्ट चेहऱ्यापेक्षा जास्त उजळतो, तो चहाच्या पाण्यात बुडवून किंचित मळका केला की कॅमेऱ्याला पांढराच दिसतो. मागचं दृश्य नंतर बसवायचा जो हिरवा पडदा असतो त्यापुढे हिरवा कपडा नको, हे उघड आहे. साउंडवाल्याशी मैत्री कर. सळसळणारं रेशीम, कडक स्टार्च, किणकिणणारे दागिने आणि टकटकणारी टाच, हे सगळं त्याला ऐकू येतं आणि तो ते तुझ्याच नावावर मांडतो. माईक लपवायला कपड्याच्या आत छोटा खिसा शिवून दिलास तर तो आयुष्यभर तुझा.

राहता राहिला मित्र. भीड भिकेची बहीण म्हणतात, आणि मित्राच्या सिनेमात ती सख्खी असते. त्याच्याशी भांडायची गरज नाही, फक्त बोलणं कागदावर हवं. साधा ईमेल चालेल. शूटिंगचे दिवस किती, त्याआधी तयारीचे आणि नंतर आवराआवरीचे किती, या तिन्हींचे पैसे धरलेत का. दिवस १२ तासांहून लांबला तर काय, आणि पॅकअप ते दुसऱ्या दिवशीचा कॉल यांत किमान किती तास. तुला १० तरी हवेत, कारण तू सर्वांत आधी येतेस आणि सगळ्यांचे कपडे मोजून सर्वांत शेवटी जातेस. तुझ्या मेहनतान्यापासून किटचं भाडं वेगळं. स्पंज, गोंद, रक्त, कॉटन हे संपणारं सामान निर्मितीच्या खर्चाने. धुलाई कुणाची? येण्याजाण्याचं काय? आणि ॲडव्हान्स, कारण कपडे तू पदरमोड करून आणलेस तर ते पैसे परत मागताना तूच ओशाळशील. ‘सिनेमा विकला गेला की देतो’ असं काही ठरलं तर कशातून, कितवा नंबर तुझा, ते लिहून घे. एकूण कमाईतून आणि खर्च वजा जाता उरलेल्या कमाईतून यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे, आणि खर्च वजा जाता बहुतेक छोट्या सिनेमांत काही उरतच नाही.

माझ्या अंदाजाने ९ पात्रांच्या अशा सिनेमाला तयारीचे दहाएक दिवस तरी लागतील. तो सात म्हणाला तर घे. दोन म्हणाला तर त्याला ती सकाळच्या कॉलची बेरीज पुन्हा एकदा दाखव, आणि तरीही दोनच म्हणाला तर चांगल्या शुभेच्छा देऊन मोकळी हो. मैत्री टिकेल. नाही टिकली तर ती शूटिंगच्या अकराव्या दिवशीही टिकली नसती.

क्रेडिटबद्दल. ते ‘मोठं’ असण्यापेक्षा दोन असू दे, रंगभूषा वेगळं आणि वेशभूषा वेगळं, दोन्हीकडे तुझं नाव, सुरुवातीच्या श्रेयनामावलीत. एकत्र टाकलं तर पुढच्या निर्मात्याला हे एकाच माणसाचं एकच काम वाटेल आणि तोही तेवढंच देईल. त्याशिवाय प्रदर्शनानंतर तुझ्या कामाच्या स्टिल्स वापरायची परवानगी ईमेलमध्येच मागून ठेव. क्लोजअपच्या फ्रेम माग, कारण सेटवर मोबाइलने काढलेल्या फोटोंनी पुढचं काम मिळत नाही. आणि तुझं नाव कसं लिहायचं ते तूच टाइप करून दे, मधल्या अक्षरासकट.